अप्पलपोटा आणि स्वार्थी : खोडलेल्या एका शब्दाविषयी

प्रश्न : आमचे औसा तालुक्यातील शेतकरी कुटुंब आहे. तीन चुलत भावांची एक सामाईक विहीर असून पाण्याच्या पाळ्या ठरलेल्या आहेत. या हिवाळ्यात त्यांपैकी एकाने आपली पाळी संपल्यावरही दोन रात्री मोटार चालूच ठेवली आणि शेवटच्या वाटेकऱ्याच्या हरभऱ्याला पाणी मिळाले नाही. येळवशीला शेतात जेवायला बसलो असता चुलते त्याच्याविषयी म्हणाले, "लई अप्पलपोट्या झालाय त्यो." नववीत शिकणाऱ्या माझ्या मुलीने हा प्रसंग निबंधात लिहिला, तेव्हा शिक्षिकांनी 'अप्पलपोट्या' हा शब्द खोडून त्याच्या डोक्यावर 'स्वार्थी' असे लिहिले. हे दोन्ही शब्द एकाच अर्थाचे आहेत का? आणि पहिला शब्द लिहिण्याजोगा नाही का?

उत्तर : शिक्षिकांनी घातलेल्या शब्दाने वाक्य चुकीचे झाले नाही, परंतु चुलत्यांनी नेमके जे म्हटले होते ते मात्र त्यातून निघून गेले. दोन्ही शब्दांत 'स्वतःचे पाहणारा' हा अर्थ आहे, म्हणून ते शेजारी शेजारी बसतात. एकाच्या जागी दुसरा प्रत्येक वेळी चालतोच असे नाही.

'अप्पलपोटा' आणि 'अप्पलपोट्या' ही एकाच शब्दाची दोन रूपे आहेत. ज्याला दोन तोंडे तो दुतोंड्या, ज्याचा पेशा पांढरा तो पांढरपेशा, तसा ज्याला आपले तेवढे पोट ठाऊक तो अप्पलपोट्या. 'आपल'चे 'अप्पल' झाले ते ठसक्यामुळे, असे मानणे सोपे आहे. 'आता' या शब्दावर जोर देताना आपण 'आत्ता' म्हणतो, तसेच येथेही व्यंजन दुणावले आहे. 'आप' हा शब्द संस्कृतातील 'आत्मन्'पासून प्राकृतातील 'अप्प' या रूपाच्या वाटेने मराठीत आला. म्हणजे ज्या आत्म्याचा शोध घेण्यासाठी माणसे घरदार सोडून गेली, तोच आत्मा या शब्दात पोटाला चिकटून बसलेला आहे.

या शब्दात पोट आहे म्हणून तो खादाडपणाचा शब्द आहे, असे मात्र समजू नये. पुष्कळ खाणारा तो खादाड, ताटावर तुटून पडणारा तो अधाशी, कितीही मिळाले तरी ज्याचे मन भरत नाही तो हावरा. यांपैकी कोणीही इतरांच्या वाट्याला हात लावलेला नसू शकतो. आपल्या घरी, आपल्या पैशाने, एकट्याने बारा पोळ्या खाणारा माणूस खादाड ठरेल, अप्पलपोटा ठरणार नाही. कंजूष माणसाचेही तसेच आहे, कारण तो स्वतःच्या मालकीचे देत नाही, एवढाच त्याचा दोष. अप्पलपोटेपणासाठी वस्तू चारचौघांची असावी लागते, तिच्यावर इतरांचा वाटा असावा लागतो आणि ते इतर लोक समोर वाट पाहत असावे लागतात.

हुरड्याच्या दिवसांत हे फार स्वच्छ दिसते. आगटीभोवती आठ-दहा माणसे बसलेली असतात; एक जण गोवऱ्यांच्या निखाऱ्यांत कणसे भाजतो, दुसरा भाजलेले कणीस तळहातांवर चोळून, कोंडा फुंकून दाणे काढतो. चोळणाऱ्याचे हात पोळतात आणि त्याच्या स्वतःच्या तोंडात सर्वांच्या शेवटी दाणे जातात. रीत अशी, की ओंजळभर दाणे निघाले की ते पुढे सरकवायचे. अशा वेळी आगटीच्या अगदी जवळची जागा धरून, पहिली वाटी आपल्यापुढे ओढून, शेंगदाण्याच्या चटणीबरोबर मुकाट्याने ती संपवणारा आणि रिकामी वाटी पुन्हा पुढे करणारा एखादा महाभाग असतोच. तो फार खातो असे नाही. कदाचित इतरांपेक्षा कमीच खात असेल. त्याने काही डाव आखलेला नसतो, कोणाला फसवलेलेही नसते. आपल्यामागे आणखी नऊ माणसे आहेत, हे त्याच्या लक्षातच येत नाही, किंवा येऊनही त्याला त्याचे काही वाटत नाही. त्याला 'स्वार्थी' म्हणणे म्हणजे त्याने न केलेल्या हिशेबाचे श्रेय त्याला देणे होय.

आपल्या पत्रातील विहीर ही अशीच आगटी आहे. पाणी तिघांचे, पाळ्या ठरलेल्या, आणि शेवटचा वाटेकरी बांधावर उभा. त्यातही चुलत्यांनी हा शब्द येळवशीला उच्चारावा, याला मोठाच अर्थ आहे. लातूर आणि धाराशिव जिल्ह्यांच्या बाहेरील वाचकांसाठी सांगायचे, तर मार्गशीर्ष अमावास्येला या भागातील शेतकरी कुटुंबे शेतात पूजा मांडून तेथेच भज्जी, आंबील, उंडे असे जेवण करतात आणि ज्यांना शेत नाही त्यांना, ओळखीच्यांना, अगदी वाटेने जाणाऱ्यालाही हाक मारून पंगतीला बसवतात. ज्या दिवशी परक्याला बोलावून वाढायचे, त्याच दिवशी घरच्या माणसाचे पाणी तोडल्याची गोष्ट निघाली, तेव्हा चुलत्यांच्या तोंडी पोटाचाच शब्द आला. त्याहून अचूक शब्द मलाही सुचला नसता.

आता 'स्वार्थी'कडे वळू. या शब्दाचा इतिहास त्याच्या आजच्या बदनामीला फारसा जुळत नाही. स्व म्हणजे आपला आणि अर्थ म्हणजे प्रयोजन, हेतू, किंवा शब्दाचा अर्थ. संस्कृत वैयाकरण 'बाल' आणि 'बालक' या शब्दांत काहीच फरक पडत नाही हे सांगताना येथील 'क' हा प्रत्यय 'स्वार्थे' लागला आहे असे म्हणतात, म्हणजे मूळ शब्दाच्याच अर्थाने. न्यायशास्त्रात, म्हणजे आपल्या जुन्या तर्कशास्त्रात, स्वतःची खात्री पटण्यासाठी केलेले ते स्वार्थानुमान आणि दुसऱ्याला पटवून देण्यासाठी मांडलेले ते परार्थानुमान. पहिले करणाऱ्याला कोणी दोष देत नाही. आपल्या मराठी व्याकरणात तर आज्ञार्थ, विध्यर्थ, संकेतार्थ यांच्या पंक्तीला स्वार्थ बसलेला आहे, आणि 'मुले घरी गेली' या वाक्यातील 'गेली' हे निरुपद्रवी क्रियापद 'स्वार्थी' म्हणून ओळखले जाते.

माणसाच्या बाबतीतही 'स्वार्थ' हे नाम पूर्वी इतके काळे नव्हते. भर्तृहरीने नीतिशतकात माणसांच्या पायऱ्या सांगितल्या आहेत. स्वार्थ सोडून दुसऱ्याचे भले करणारे ते सत्पुरुष, स्वार्थाला धक्का न लावता दुसऱ्याचे भले करणारे ते सामान्य, आणि स्वार्थासाठी दुसऱ्याचे हित मोडणारे ते माणसांतील राक्षस. काही कारण नसताना दुसऱ्याचे हित मोडणाऱ्यांना काय म्हणावे हे त्यालाही सुचलेले नाही. या मांडणीत स्वार्थ हा दोष नाही, तो प्रत्येकाजवळ असलेला एक ऐवज आहे. तो कसा राखला यावर माणसाची पायरी ठरते. आजही 'यात माझा काही स्वार्थ नाही' असे आपण म्हणतो, तेव्हा त्याचा अर्थ 'मला यातून काही मिळायचे नाही' इतकाच असतो. 'स्वार्थी' या विशेषणाने मात्र तो तटस्थपणा गमावला आहे. त्यात आता लाभाचा हिशेब अभिप्रेत असतो. आपल्या नातेवाइकाने शेवटच्या वाटेकऱ्याचे पीक वाळावे आणि ते रान आपल्याला स्वस्तात मिळावे, अशा बेताने पाणी तोडले असते, तर त्याला बेलाशक 'स्वार्थी' म्हणावे. दोन रात्री मोटार बंद करायला जो उठला नाही, त्याच्याविषयी चुलत्यांचाच शब्द राहू द्यावा.

या दोघांच्या जोडीला मराठवाड्यात तिसरा शब्द सर्रास ऐकू येतो, तो 'मतलबी' किंवा 'आपमतलबी'. 'मतलब' हा अरबी शब्द असून मागणे, शोधणे या अर्थाचा धातू त्याच्या मुळाशी आहे. तंबाखूची 'तलब' येते ती त्याच धातूतून. जे मागायचे ते मतलब, त्यावरून हेतू आणि त्यावरून अर्थ. हा शब्द सगळ्याच मराठीत रुळला आहे, परंतु १९४८ पर्यंत उर्दू ही जेथे सरकारदरबारची भाषा होती, त्या आपल्या भागात 'मतलब असं की' म्हणून वाक्य सुरू करणारी माणसे गावोगावी भेटतात आणि जुन्या पिढीच्या तोंडी 'खुदगर्ज'ही सहज येतो. त्यातील 'गर्ज' म्हणजे आपली 'गरज'च. मूळ अरबीत आणि उर्दूत तिचा अर्थ हेतू, स्वतःचा मतलब असा आहे. मराठीत येताना ती निकड झाली, आणि म्हणून आपल्याकडील 'गरजू' माणसाला मदत करावीशी वाटते, 'खुदगर्ज' माणसापासून मात्र दूर राहावेसे वाटते.

आपमतलबीपणा नातेसंबंधांत दिसतो. काम असेपर्यंत येणे-जाणे आणि काम झाले की ओळख नाही, अशा माणसासाठी हा शब्द आहे. 'कामापुरता मामा आणि ताकापुरती आजी' ही म्हण त्याचीच. हुरड्याची वाटी ओढणारा आपमतलबी नव्हे. निवडणुकीच्या आधी आगटीजवळ येऊन सर्वांना स्वतःच्या हाताने दाणे वाटणारा आणि पुढची पाच वर्षे त्या बांधाकडे न फिरकणारा तो आपमतलबी.

'अप्पलपोट्या' ग्राम्य आहे का, हा आपला दुसरा प्रश्न. तो बोलीत अधिक वावरणारा आणि तिखट शब्द आहे, पण अशिष्ट नाही. 'अप्पलपोटे धोरण' असे अग्रलेखातही लिहिले तर कोणी भुवई उंचावणार नाही. लिंगवचनानुसार तो बदलतो (अप्पलपोटा, अप्पलपोटी, अप्पलपोटे), तर 'स्वार्थी' आणि 'आपमतलबी' आहेत तसेच राहतात. त्यातून आपल्या मुलीने तो शब्द चुलत्यांच्या तोंडचा म्हणून अवतरणचिन्हांत लिहिला असेल, तर तो खोडण्याचा अधिकार शिक्षिकांनाही नव्हता. अवतरणातील शब्द ज्याने उच्चारला त्याचा असतो. मुलीच्या स्वतःच्या वाक्यात तो असेल, तर निबंधाचा सूर पाहून ठरवावे. मी असतो तर शब्द ठेवून समासात 'छान' असे लिहिले असते.

प्रश्न : आमच्या गावातील एका निवृत्त टपाल कर्मचाऱ्याच्या सत्कारासाठी मानपत्र तयार करीत आहोत. 'निःस्वार्थी सेवा' हे रूप बरोबर आहे का? आणि जो निःस्वार्थ नाही त्याला स्वार्थीच म्हणायचे का? (परभणी जिल्ह्यातील एक वाचक)

उत्तर : दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण ते छोटे आहे : नाही. पगार घेऊन, वेळेवर, चोख पत्रे पोहोचवणारा माणूस निःस्वार्थ नसतो, कारण त्याला मोबदला मिळतो. म्हणून तो स्वार्थी ठरत नाही. भर्तृहरीची मधली पायरी याच माणसांची आहे आणि तिच्यासाठी मराठीत एकच नेमके विशेषण नाही. 'प्रामाणिक', 'कर्तव्यदक्ष' यांवर आपण वेळ मारून नेतो. आपल्या सत्कारमूर्तींनी नोकरीपलीकडे जाऊन, वाचता न येणाऱ्यांना पत्रे वाचून दाखवणे, मनीऑर्डरचा फॉर्म भरून देणे अशी कामे केली असतील, तर 'निःस्वार्थ' हा शब्द त्या कामांसाठी राखून ठेवावा आणि ती कामे मानपत्रात नावानिशी लिहावीत.

रूपाविषयी : 'ज्यात स्वार्थ नाही ते' हा अर्थ 'निःस्वार्थ' या शब्दात पुरा होतो, त्याला पुन्हा 'ई' लावण्याचे कारण उरत नाही. 'निर्दोष' असताना 'निर्दोषी' किंवा 'निरपराध' असताना 'निरपराधी' लिहिण्यासारखेच ते आहे. वापरात ही रूपे इतकी पसरली आहेत की बोलताना कोणाला अडवू नये. छापताना मात्र 'निःस्वार्थ सेवा' असे छापावे आणि विसर्ग गाळू नये. मानपत्र आधीच छापून फ्रेममध्ये बसवले असेल, तर काच काढण्याच्या भानगडीत पडू नका, तसेच द्या.