गावकी, ग्रामसभा आणि वेबर: आधी तो तक्ता बाजूला ठेवा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: रत्नागिरी जिल्ह्यातल्या स्वतःच्या गावावर एम.ए.चा लघुप्रबंध लिहायचाय, मार्गदर्शक म्हणाले 'अभिजात विचारवंत लावा', म्हणून तुम्ही जर्मन समाजशास्त्रज्ञ मॅक्स वेबरच्या अधिसत्तेच्या तीन प्रकारांचा तक्ता केलात. गावकी (देवळात बसणारी मानकऱ्यांची आणि गावकऱ्यांची बैठक) म्हणजे पारंपरिक अधिसत्ता, ग्रामपंचायत म्हणजे कायदेशीर-विवेकी (नियम आणि पद यांवर उभी), आमदार म्हणजे करिश्मा (नेत्याच्या व्यक्तिमत्त्वाची मोहिनी). पुढे फ्रेंच विचारवंत टॉकव्हिल, फ्रेंच समाजशास्त्रज्ञ दुर्खीम आणि मार्क्स यांना एकेक प्रकरण.

हा तक्ता पहिल्याच ग्रामसभेत कोसळेल. वेबरची तिन्ही आदर्श प्रारूपं आहेत, म्हणजे विचारासाठी केलेले शुद्ध नमुने; प्रत्यक्षात ती कायम मिसळलेलीच सापडतात, आणि हे त्याने स्वतःच लिहून ठेवलंय. त्याचा खरा प्रश्न असा: हुकूम मानणाऱ्याला तो रास्त का वाटतो? त्यामुळे लक्ष ठेवायचं ते मानणाऱ्यावर. समजा वाडीत पाखाडी (पायऱ्यांची वाट) बांधायची आहे आणि जागा खासगी आहे. दप्तरात संमतीपत्र, ठराव, अंदाजपत्रक, सगळं कायदेशीर मिळेल. पण जागामालक सहीला तयार कुठे झाला ते विचारा. देवळातल्या बैठकीत, मानकऱ्याच्या शब्दावर, असं उत्तर आलं तर एकाच सहीत दोन अधिसत्ता बसल्या. आता कुठलं कारण तो कोणासमोर सांगतो ते टिपा. ग्रामसेवकासमोर तो कायदा बोलेल, भावकीत देवाचं नाव घेईल. तुमच्या प्रबंधाचा खरा माल इथे आहे.

नुसता कायदा असून भागत नाही, याचं कोकणातलं सगळ्यात पक्कं उदाहरण महाडचं. सीताराम केशव बोले यांचा सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करण्याचा ठराव मुंबई विधिमंडळात १९२३ साली मंजूर झाला. महाड नगरपालिकेने १९२४ साली चवदार तळं खुलं केल्याचा ठराव केला. तरी पाणी भरायला त्यांच्यातलं कोणी जाऊ शकलं नाही. २० मार्च १९२७ ला आंबेडकर लोकांना घेऊन तळ्यावर गेले, त्याच वर्षी नगरपालिकेने आपला ठराव मागे घेतला, आणि हायकोर्टाचा निकाल यायला १९३७ उजाडलं. हुकूम पाळला जाण्याची शक्यता किती, यावर वेबर अधिसत्ता मोजतो. त्या मोजमापाने १९२४ चा ठराव जवळजवळ शून्य भरतो. मार्गदर्शक 'आंबेडकर अभिजातमध्ये येत नाहीत' म्हणाले तर २५ नोव्हेंबर १९४९ चं संविधान सभेतलं भाषण पुढे ठेवा. राजकारणात समता आणि सामाजिक-आर्थिक जीवनात विषमता हा विसंगतीचा मुद्दा त्यात आहे, आणि राजकारणातली भक्ती अधोगतीकडे नेते हा इशाराही. करिश्म्यावर लिहायचं तर दुसरा मुद्दा टाळताच येणार नाही.

आमदाराचा करिश्मा मात्र सोडून द्या, लघुप्रबंधात तो हाती लागत नाही. त्यापेक्षा थेट सरपंच घ्या. आपल्याकडे सरपंचाची थेट निवड २०१७ साली आली, २०२० साली गेली, २०२२ साली परत आली. वेबर १९१९ साली जर्मनीत राष्ट्राध्यक्ष थेट जनतेने निवडावा म्हणून भांडत होता. नोकरशाही आणि पक्षयंत्रणा यांच्या वर उठणारा नेता त्याला हवा होता. थेट सरपंच एका पॅनेलचा आणि सदस्यांचं बहुमत दुसऱ्या पॅनेलचं असं जिथे झालंय, तिथे कामं कोणाच्या सहीवाचून अडतात ते पाहा. मधल्या मधे ग्रामसेवकाचं वजन वाढलेलं दिसलं, तर ज्याला वेबर घाबरत होता तेच, म्हणजे नोकरशाहीचं वर्चस्व, झालं.

आता टॉकव्हिल आणि दुर्खीम. यांना वेगळी प्रकरणं देऊ नका, वाळीत टाकण्याच्या प्रश्नावर समोरासमोर बसवा. टॉकव्हिल १८३१-३२ मध्ये अमेरिका फिरला आणि १८३५ च्या पहिल्या खंडात बहुमताच्या जुलमावर लिहिलं: विरोध करणाऱ्याला कोणी साखळदंड घालत नाही, त्याचे हक्क कागदावर शाबूत राहतात, फक्त माणसं त्याच्यापासून दूर होतात. वाचताना हे आपल्या वाळीताचंच वर्णन वाटतं. विद्यार्थी नेमके इथे घसरतात. टॉकव्हिलचा जुलूम समतेतून येतो: सगळे सारखे, म्हणून संख्येपुढे एकट्याचं मत हलकं. गावकीचा दंड मात्र दुर्खीमच्या १८९३ च्या ग्रंथातल्या यांत्रिक एकतेच्या, म्हणजे सगळ्यांच्या सारख्या श्रद्धांतून येणाऱ्या एकजुटीच्या, जवळ जातो. नियम मोडला म्हणजे सगळ्यांच्या श्रद्धेला धक्का लागला, म्हणून शिक्षा. ओळखायची खूण सोपी आहे. दंड भरून, देवासमोर नारळ ठेवून, माफी मागून प्रकरण मिटतं का? मग ती दंडात्मक शिक्षा. नुकसान भरून देऊन मिटतं का? मग क्षतिपूरक. आणि कोणी काही न बोलता फक्त हळदीकुंकवाचं बोलावणं बंद झालं असेल, तर टॉकव्हिल जास्त जुळतो. एकाच गावात तिन्ही सापडू शकतात.

दुर्खीमचा लोकशाहीवरचा विचार त्याच्या नागरी नीतीवरच्या व्याख्यानांत आहे; ती १९५० साली, म्हणजे त्याच्या मृत्यूनंतर ३३ वर्षांनी छापली गेली. लोकशाही म्हणजे राज्यकर्ते किती हा हिशेब त्याला मान्य नाही. राज्य आणि समाज यांच्यात विचारांची देवाणघेवाण किती दाट, हे तो बघतो. मधले गट त्याला हवेतच, पण गट माणसाला गिळायला लागला की सोडवायला राज्य हवं. महाराष्ट्राचा सामाजिक बहिष्कारविरोधी २०१६ चा कायदा (३ वर्षांपर्यंत कैद, किंवा १ लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही) हा त्या विचाराचा जवळजवळ नमुना आहे. गाव मात्र त्याला 'बाहेरच्याने घरात घुसणं' म्हणतं. दोन्ही बाजू लिहा.

मार्क्सला दोन पानं पुरेत. १८५२ च्या लिखाणात तो फ्रान्सच्या छोट्या शेतकऱ्यांना बटाट्यांचं पोतं म्हणतो, एकत्र भरलेले पण एकमेकांना न जोडलेले. खोतीतल्या (सारा वसूल करणाऱ्या खोताच्या हाताखालच्या) कुळांना हे सरसकट लावू नका. अलिबागजवळ चरीचा संप १९३३ ते १९३९ चालला, तिथली कुळं जोडलेली होती. गावात आजचा धागा बघायचा तर सातबाऱ्यावरचा इतर हक्कांचा रकाना आणि जुने फेरफार वाचा. खोती रद्द करणारा कायदा १९४९ चा आहे. त्यानंतर जमीन कोणाच्या नावावर लागली आणि पंचायतीत कोण बसलं, हे शेजारी शेजारी मांडा.

समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट मिचेल्सला तुम्ही विसरलात, आणि कोकणात तोच सगळ्यात उपयोगी. १९११ साली त्याने जर्मन समाजवादी पक्षावरून दाखवलं की समतेसाठी निघालेली संघटनाही मूठभरांच्या हातात जाते, कारण माहिती, पैसा आणि कामाची सवय त्यांच्याकडेच साठते. आता गावाचं मुंबई मंडळ (मुंबईत राहणाऱ्या गावकऱ्यांची संस्था) बघा. हिशेब कोणाकडे? पदाधिकारी बदलले की धर्मादाय कार्यालयात ९० दिवसांत चेंज रिपोर्ट द्यावा लागतो, तो भरता किती जणांना येतो? दोघांनाच येत असेल तर तेच दोघं वर्षानुवर्षं का निवडून येतात, याला वेगळं कारण शोधायची गरज नाही. बाकीचे उलट त्यांचे उपकार मानतात, आणि हेही मिचेल्सने लिहिलंय.

कामाला लागताना एकच निर्णय धरा (नळपाण्याच्या विहिरीची जागा, स्मशानशेडचा रस्ता) आणि तो देवळात, ग्रामसभेत आणि मुंबईत असा तीन ठिकाणी शोधा. प्रोसिडिंगच्या (सभेच्या इतिवृत्ताच्या) प्रती माहिती अधिकारात मागा: १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, पानाला २ रुपये, मुदत ३० दिवस. दहा वर्षांचे सूचक-अनुमोदक वाडीनिहाय मोजा. 'सर्वानुमते मंजूर' यावर विश्वास ठेवू नका. ग्रामसभेची गणपूर्ती एकूण मतदारांच्या १५ टक्के किंवा १०० यांपैकी कमी असेल ती. ती न भरल्यास सभा तहकूब होते आणि तहकूब सभेला गणपूर्ती लागत नाही. तेव्हा कोणते ठराव तहकूब सभेत झाले ते वेगळे काढा. हजेरीवहीतल्या सह्या आणि खुर्चीतली माणसं यांचा आकडाही स्वतः मोजा, घरोघरी फिरून सह्या घेतल्या जाऊ शकतात.

वाळीत पडलेल्या कुटुंबांची नावं तर नकोच, वाडीचं नावही बदला. ३० घरांच्या वाडीत आडनावाशिवायही माणूस ओळखू येतो. पालखीच्या मानाचे वाद शिमग्याआधीच्या बैठकीत निघतात, आणि चाकरमानी मे महिन्यात गावी असतात. या दोन वेळा चुकल्या तर पुढचं सगळं ऐकीव राहील. विद्यापीठाचं वेळापत्रक याला जुळत नाही, मार्गदर्शकांशी आत्ताच बोलून घ्या.