बारा आठवडे उलटले, जिल्हा परिषद हलत नाही

प्रश्न : माझे यजमान जिल्हा परिषद शाळेत शिक्षक होते. त्यांच्या निवडश्रेणीचा (ठरावीक सेवेनंतर मिळणाऱ्या वरच्या वेतनश्रेणीचा) फरक आणि सुधारित कुटुंब निवृत्तिवेतन आदेशाची प्रत मिळाल्यापासून बारा आठवड्यांत द्या, असा आदेश औरंगाबाद खंडपीठाने दिला. प्रत मी १५ जुलै २०२५ रोजी कार्यालयात दिली. अजून एक रुपया नाही. ‘फाइल वित्त विभागात आहे’, ‘साहेब बदलले’, ‘आम्ही सुप्रीम कोर्टात जाणार आहोत’, एवढंच ऐकते. अवमान याचिका करावी का? चिडून चालू पेन्शन बंद तर करणार नाहीत ना?

उत्तर : ताई, करावी, आणि लवकर करावी. बारा आठवडे ७ ऑक्टोबर २०२५ ला संपले. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २० प्रमाणे तिथून एक वर्षाच्या आत याचिका दाखल व्हायला हवी. तुमच्यासारख्या कितीतरी बायका ‘पुढच्या महिन्यात होईल’ या शब्दावर विसंबतात आणि हे वर्ष हातचं जातं, याचं मला फार वाईट वाटतं. याचिका वेळेत दाखल झाली की सुनावणी नंतर झाली तरी बिघडत नाही. पल्लव शेठ प्रकरणात २००१ साली सुप्रीम कोर्टाने तसं स्पष्ट केलं आहे.

त्याआधी एक काम. तुमच्याकडच्या पोचेवर आवक क्रमांक आणि तारखेचा शिक्का आहे ना, पाहा. सगळं प्रकरण त्या शिक्क्यावर उभं राहतं. साहेब बदलले असतील, तर आत्ताचे मुख्य कार्यकारी अधिकारी आणि शिक्षणाधिकारी यांना आदेशाची प्रत जोडून, पंधरा दिवसांची मुदत देऊन ‘रजिस्ट्रेशन’ सुविधेसह स्पीड पोस्टाने नोटीस पाठवा. अवमान सिद्ध व्हायला आदेश जाणूनबुजून मोडलेला असावा लागतो. नोटीस हातात पडली की ‘मला माहीत नव्हतं’ म्हणायला नव्या साहेबांना जागा उरत नाही.

सुप्रीम कोर्टाची भीती घालत असतील तर एकच विचारा : स्थगिती आहे का? नुसतं अपील केल्याने आदेश थांबत नाही. वित्त विभागाकडून मंजुरी यायला खरंच वेळ लागत असेल, तर मुदत संपण्याआधी न्यायालयाकडे मुदतवाढ मागायची असते. ती मागितली होती का, तेही लेखी विचारा.

याचिकेतून काय मिळेल, हेही नीट समजून घ्या. कायद्यात सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही आहे, पण अधिकारी तुरुंगात जातील या आशेवर राहू नका. बहुतेक वेळा घडतं ते असं : न्यायालयाची नोटीस निघते, सरकारी वकील चार आठवडे मागतात, आणि त्या चार आठवड्यांत वर्षभर न हललेली फाइल तीन टेबलं ओलांडते. मग ‘आदेशाचं पालन केलं’ असं प्रतिज्ञापत्र येतं. ते शब्द न् शब्द वाचा. फरकाची रक्कम चुकीची काढली असेल, तर बऱ्याचदा अवमान याचिका तिथेच संपते आणि कार्यालयाच्या त्या निर्णयाला नव्याने आव्हान द्यावं लागतं, जे. एस. परिहार प्रकरणात १९९६ साली हेच ठरलं. व्याजाचंही तसंच. मूळ आदेशात व्याज नसेल, तर अवमानाच्या न्यायालयाकडून ते मिळणार नाही.

पेन्शन बंद होण्याची भीती मनातून काढून टाका. निवृत्तिवेतन ही कुणाची मेहेरबानी नाही, हे सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठाने नकारा खटल्यात १९८२ सालीच सांगितलं आहे. कुणी तोंडी धमकी दिली, तर तारीख, वेळ आणि टेबल त्याच दिवशी लिहून ठेवा आणि वकिलांना कळवा.

पैसे देताना कार्यालय एखाद्या छापील कागदावर सही मागेल. ‘संपूर्ण रक्कम मिळाली, तक्रार नाही’ असं त्यात असेल, तर आधी हिशेबाचा तक्ता मागा. तो मिळेपर्यंत सहीच्या वर स्वतःच्या हाताने लिहा : ‘हिशेब तपासण्याचा हक्क राखून’.