हक्क, सेन्सॉर आणि ‘चालतं हो’

कमी पैशांत, स्वतःच्या हिमतीवर मराठी सिनेमा करणाऱ्यांची पत्रं येतात ती कागदपत्रांबद्दल, आणि तीही बहुधा शूटिंग उरकल्यावर.

शॉर्टफिल्म यूट्यूबवर टाकायला सेन्सॉर लागतं का?

नाही. गावच्या सभागृहात लोकांना दाखवायची तर लागतं, तिकीट लावा की लावू नका.

पात्र रिक्षात बसलंय, रेडिओवर जुनं गाणं वाजतंय. दहा सेकंदांपर्यंत चालतं ना?

कोण सांगतं हे? अशी सूट कायद्यात कुठेही नाही. शब्द-चालीचे हक्क वेगळे, ध्वनिमुद्रणाचा वेगळा. सगळ्या परवानग्या घ्या, नाहीतर गाणं बदला.

एका ज्येष्ठ लेखकाच्या कथेवर फिल्म करतोय. ते फोनवर ‘खुशाल करा’ म्हणाले. लेखी हवंच का? पैसे जमवायला अजून दोन-तीन वर्षं जातील.

हवंच. कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम १९ नुसार हक्कांचं हस्तांतरण लेखी आणि सहीनिशीच होतं. ‘कथेचे हक्क दिले’ एवढ्या एका ओळीनेही भागत नाही. मुदत लिहिली नसेल तर पाच वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. मग परदेशी महोत्सवात निवड झाली की धावाधाव. खरी मेख मात्र १९(४) मध्ये आहे. घेतलेला हक्क वर्षभरात वापरला नाही आणि करारात वेगळं काही ठरलेलं नसेल, तर तो हातचा गेला. आणि तुम्ही दोन-तीन वर्षं पैसेच जमवणार! नेटवरून उतरवलेला कराराचा नमुना नावं बदलून वापरणाऱ्यांना हे कलम माहीतही नसतं. ‘वर्षभरात फिल्म झाली नाही तरी हक्क कायम राहतील’ असं करारात स्पष्ट घालून घ्या. लेखक हयात आहेत तोवर हे उरका. त्यांच्यानंतर ६० वर्षं हक्क वारसांकडे राहतो, आणि चार भावंडांपैकी एकाचीच सही घेऊन येणारे मी बरेच पाहिलेत. मसुदा वकिलाला दाखवा. सहीच्या आधी.

एक संस्था पैसे घेऊन आंतरराष्ट्रीय पुरस्कारांची हमी देते. घ्यावी का?

नको. पोस्टरवर पुरस्काराची खूण म्हणून छापतात त्या पानांच्या डहाळ्या मिळतील, बस्स. गेल्या वर्षी कुठल्या थिएटरात, कोणासमोर फिल्म दाखवल्या, एवढं विचारून बघा.

दिग्दर्शन माझं, पैसे मित्राचे. करार नाही. फिल्म कोणाची?

निर्मात्याची. पण कायद्यात निर्माता म्हणजे पुढाकार आणि जबाबदारी घेणारा. पैसे घातले म्हणून कुणी आपोआप निर्माता होत नाही. तुमच्यात तो कोण, हे पत्रावरून मी सांगू शकत नाही. बोलणं आहे तोवर दोघं मिळून वकिलाकडे जाऊन या.