सरकारी वकील की खासगी वकिली? तीन वर्षांनी ठरवा

सप्रेम नमस्कार.

कऱ्हाडहून पाठवलेले तुमचे पत्र मिळाले. मुलगी पुण्यात लॉच्या शेवटच्या वर्षाला आहे. निकाल लागला की मुंबईत, फोर्टमधल्या एका सिनिअरकडे ज्युनिअर म्हणून राहायचे, असे तिने ठरवले आहे. सिनिअर सुरुवातीला महिना बारा हजार देणार आहेत. तुम्ही म्हणता, एवढ्यात मुंबईत राहणे-खाणेही भागणार नाही, त्यापेक्षा तिने सरकारी वकिलाची परीक्षा देऊन पक्की नोकरी धरावी. यावरून घरात अबोला झाला आहे आणि तुम्हाला तिसऱ्या माणसाचे मत हवे आहे.

माझे मत तिच्या बाजूने आहे. तुमची पैशांची चिंता मात्र शंभर टक्के खरी आहे, तिच्याकडे पुढे येतोच.

आधी सरकारी वकिलीचे बघू, कारण तुमच्या पत्रात तीन वेगळ्या गोष्टी एकत्र झाल्या आहेत. पहिली, खालच्या फौजदारी कोर्टात पोलिसांच्या केसेस चालवणारे सहायक सरकारी अभियोक्ता, ज्यांना कोर्टात सगळे एपीपी म्हणतात. ही भरती एमपीएससीमार्फत होते आणि पद कायमचे असते. दुसरी, हायकोर्टात सरकारची बाजू मांडणारे सहायक सरकारी वकील, म्हणजे एजीपी, आणि जिल्ह्यातले जिल्हा सरकारी वकील. या नेमणुका विधी व न्याय विभागाकडून होतात. त्या मुदतीच्या असतात, त्यात पेन्शन नाही आणि सरकार त्या केव्हाही थांबवू शकते. एजीपीला मान मोठा, काम प्रचंड. पण तुम्ही समजता तशी ही 'पक्की नोकरी' नाही. तिसरी, महापालिका, म्हाडा, सिडकोसारख्या संस्थांच्या विधी खात्यातली नोकरी. इथे पगार नियमित. पण ज्या पदावर बहुतेक वेळ मते लिहिणे, करार तपासणे, बाहेरच्या वकिलांना कागद पुरवणे एवढेच असते, तिथे पूर्णवेळ पगारी नोकर म्हणून वकिलीची सनद स्थगित ठेवावी लागते. कोर्टात उभे राहायची हौस असलेल्या मुलीने हे आधीच नीट वाचून घ्यावे.

आता मुद्द्याचे. यातल्या बहुतेक दारांतून पदवी हातात घेऊन थेट आत जाता येत नाही. एपीपीच्या जाहिरातीत वकिलीच्या अनुभवाची अट असते. सेशन्स कोर्टातल्या सरकारी अभियोक्त्याला कायद्यानेच किमान सात वर्षांची वकिली लागते. तुम्हाला वाटेल, मग न्यायाधीशाची परीक्षा देऊ दे. पण मे 2025 मध्ये सुप्रीम कोर्टाने दिवाणी न्यायाधीशाच्या प्रवेश पदासाठीही किमान तीन वर्षांच्या वकिलीची अट परत आणली आहे. म्हणजे सरकारी रस्ता धरला तरी तो कुणाच्या तरी चेंबरमधूनच जातो. तिचा बेत आणि तुमची इच्छा, दोन्ही पहिली तीन वर्षे एकाच ठिकाणी आहेत.

ती तीन वर्षे कुठे घालवायची याला फार महत्त्व आहे. माझा आग्रह असा की तिने साक्षीपुरावा चालतो त्या कोर्टात घालवावीत. हायकोर्टाची इमारत भारदस्त आहे, पण तिथे ज्युनिअरचा बराच काळ बोर्डावर, म्हणजे त्या दिवसाच्या केसेसच्या यादीवर नजर ठेवण्यात, मेन्शनिंगला, म्हणजे केस लवकर घ्या अशी विनंती करायला धावण्यात आणि तारीख घेण्यात जातो. माणूस पिंजऱ्यात उभा राहून बोलतो कसा, हे खालच्या कोर्टातच कळते. अंधेरी किंवा कुर्ल्याच्या मॅजिस्ट्रेट कोर्टात तिने एक दिवस मागच्या बाकावर बसून यावे. एपीपीच्या टेबलावर फायलींची चळत असते. शेजारी पोलीस ठाण्याचा पैरवी कर्मचारी, म्हणजे ठाण्याचे कोर्टातले काम बघणारा पोलीस, उभा असतो. मोबाइल चोरीची केस पुकारली जाते. पंच येतो आणि सांगतो, "सही माझी आहे, पण कोऱ्या कागदावर घेतली." त्याच मिनिटाला एपीपीला ठरवावे लागते की हा साक्षीदार फितूर म्हणून त्याची उलटतपासणी घ्यायला कोर्टाची परवानगी मागायची का, आणि मागितली तर त्याला पंचनाम्यातल्या कोणत्या ओळीवर पकडायचे. तयारीला वेळ मिळालेला नसतो. हे ज्याला आवडते त्याने सरकारी अभियोक्ता व्हावे; इतक्या साक्षी खासगी वकिलाला इतक्या लवकर घ्यायला मिळत नाहीत.

दिवाणी बाजू बघायची असेल तर फोर्टच्या सिटी सिव्हिल कोर्टात महापालिकेच्या नोटिसांचे दावे बघावेत. मुंबई महानगरपालिका अधिनियम, 1888 चे कलम 351 म्हणजे अनधिकृत बांधकामाची नोटीस. दुकानदार वकिलाकडे धावत येतो, कारण तोडकामाची गाडी कधीही दारात येऊ शकते. त्याला तातडीने मनाई हुकूम हवा असतो. बरेचदा सगळा वाद एका तारखेवर येऊन थांबतो: व्यापारी बांधकाम 1 एप्रिल 1962 पूर्वीचे आहे की नाही. राहते घर असेल तर 17 एप्रिल 1964. त्याआधीचे बांधकाम असेल तर ते चालवून घेतले जाते. मग आजोबांच्या काळातले कर आकारणीचे बिल, दुकानाचा जुना परवाना, पिवळे पडलेले भाडेपट्टे शोधायचे. समोर महापालिकेचा वकील कनिष्ठ अभियंत्याचा पाहणी अहवाल, नकाशा आणि फोटो घेऊन उभा असतो. नोटीस नीट बजावली होती का, उत्तराचा विचार करून सकारण आदेश दिला होता का, हे त्याला दाखवून द्यावे लागते. तुमच्या मुलीने अशा प्रकरणात दोन-तीन वर्षे दुकानदाराच्या बाजूने काम केले, तर उद्या ती महापालिकेच्या बाजूने जास्त चांगली उभी राहील. उलटेही तितकेच खरे. मुंबईत कित्येक चांगल्या वकिलांनी आयुष्यात दोन्ही बाजू केल्या आहेत, त्यात काही वावगे नाही.

लोअर परळ आणि नरिमन पॉइंटच्या मोठ्या लॉ फर्मचाही उल्लेख तुम्ही केला आहे. तिथे पगार चांगला असतो आणि कामाचे तास लांबलचक. बहुतेक काम करारांचे आणि कागद तपासण्याचे. तिला कोर्ट हवे आहे, म्हणून तो विषय इथेच सोडतो.

इंग्रजी कच्चे आहे, अशी तुम्हाला धास्ती वाटते. हायकोर्टाचे काम इंग्रजीत चालते, त्यामुळे ते सुधारावेच लागेल. रोज दोन निकालपत्रे वाचून त्यांचा अर्ध्या पानाचा गोषवारा लिहिला की वर्षभरात फरक दिसतो. पण फिर्याद, पंचनामा, साक्षीदारांचे जबाब, सातबारा हे सगळे मराठीत असते. फिर्यादीत नेमके काय म्हटले आहे आणि काय म्हटलेले नाही, हे एका वाचनात कळणारा ज्युनिअर सिनिअरला हवाच असतो.

आता पैसे. बार कौन्सिल ऑफ इंडियाने, म्हणजे वकिलांच्या शिखर संस्थेने, 2024 मध्ये शहरातल्या ज्युनिअरला महिना 20,000 रुपये द्यावेत असे सुचवले. पण ती शिफारस आहे, सक्ती नाही, आणि प्रत्यक्षात अनेकांना त्याहून कमी मिळतात. बारा हजारांत मुंबईत भागत नाही. राहायचे कळव्याला किंवा डोंबिवलीला, लोकलचा पास, जेवण, काळा कोट, पुस्तके, सगळे धरून वरचे पैसे घरूनच जाणार. तुम्ही दर महिन्याला किती देऊ शकता तो आकडा तिला आत्ताच स्पष्ट सांगा, आणि तीन वर्षे देणार हेही सांगा. दर सणाला "अजून किती दिवस?" हा प्रश्न निघाला तर ती दुसऱ्या वर्षी मिळेल ती नोकरी धरेल. तिनेही हातभार लावावा. सनद चालू ठेवून दिवसाला तीन तासांपर्यंत कायदा शिकवायला परवानगी आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनीही मुंबईत वकिलीच्या सुरुवातीच्या काळात घर चालवायला कायद्याचे वर्ग घेतले होते. सनदेसाठी मोठी रक्कम लागते असे कुणी सांगितले असेल तर ते जुने झाले; जुलै 2024 च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालानंतर खुल्या वर्गाला 750 आणि अनुसूचित जाती-जमातींना 125 रुपयांपेक्षा जास्त नोंदणी शुल्क घेता येत नाही.

तीन वर्षांचा खर्च झेपणारच नसेल तर आणखी एक वाट आहे. विधी सेवा प्राधिकरणाने अनेक जिल्ह्यांत गरीब आरोपींच्या बचावासाठी पूर्णवेळ वकिलांची कार्यालये सुरू केली आहेत. त्यात सहायक पदासाठी नव्या वकिलांनाही घेतात आणि दरमहा मानधन मिळते. त्या काळात खासगी केस घेता येत नाही, पण फौजदारी कामाचा असा सराव क्वचितच कुठे मिळेल. आणि 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरात मुंबई हायकोर्टाचे सर्किट बेंच, म्हणजे फिरते खंडपीठ, सुरू झाले आहे. साताऱ्यासह सहा जिल्ह्यांची प्रकरणे आता तिथे जातात. कऱ्हाडच्या मुलीला हायकोर्टासाठी मुंबईच गाठावी लागते, हे दिवस गेले. मुंबईत विशेष कोर्टे आणि लवादांची जी विविधता आहे ती तिथे नाही, म्हणून मी तिला मुंबईच सुचवेन. पण पाच-सहा वर्षांनी परत यायचे ठरवले तर घराजवळ काम आहे, एवढे दोघांनी लक्षात ठेवा.

तिला माझा निरोप द्या. हो म्हणण्याआधी त्या सिनिअरना तीन गोष्टी विचार: वर्षभरात मला स्वतः किती साक्षी घ्यायला मिळतील, कैफियत (दाव्याला दिलेले लेखी उत्तर) आणि अर्जांचे मसुदे मी लिहिले तर तुम्ही बसून दुरुस्त करून द्याल का, आणि सहा महिन्यांनी पैसे वाढतील का. त्यांच्या आत्ताच्या ज्युनिअर मुलींशी सिनिअर समोर नसताना बोल. संध्याकाळी किती वाजता निघता हेही विचार. वकिली करायला लागणाऱ्या ऑल इंडिया बार परीक्षेला आता शेवटच्या वर्षातल्या विद्यार्थ्यांनाही बसता येते, तेव्हा अर्जाची तारीख चुकवू नकोस. सिनिअरची उत्तरे आली की मला पुन्हा लिहा, दोघे मिळून.