पहिला ड्राफ्ट लावतोयस तर

अरे, मॅजिक अरीनात (मॅजिक या पत्त्यांच्या खेळाची ऑनलाइन आवृत्ती) ड्राफ्ट लावणार असशील, म्हणजे फिरत येणाऱ्या पाकिटांतून एकेक पत्ता उचलून स्वतःचा डेक (पत्त्यांचा संच) बांधणार असशील, तर प्रीमियरला, म्हणजे खऱ्या माणसांसोबतच्या ड्राफ्टला, एवढ्यात हात लावू नकोस. आधी क्विक ड्राफ्ट घे. 10,000 ऐवजी 5,000 गोल्डमध्ये (खेळातलं चलन) होतो आणि सोबत निवडणारे बॉट, म्हणजे कॉम्प्युटर, असल्यामुळे पत्ता उचलायला वेळेचं बंधन नाही. मालवणात जुलैत लाइट कधी जाईल सांगता येत नाही, प्रीमियरचा टायमर मात्र थांबत नाही.

पहिले चार-पाच पत्ते रंग (मॅजिकमध्ये पांढरा, निळा, काळा, लाल, हिरवा) न बघता ताकद बघून घे. मग काय येतंय ते बघ. बंदरावर लिलावाला जाताना सुरमईच घ्यायची असं ठरवून गेलास आणि टोपल्या बांगड्यांनी भरलेल्या असल्या, तर बांगडाच घेशील ना? तसंच. सातव्या निवडीला चांगला काळा पत्ता तुझ्यापर्यंत पोचला, म्हणजे आधीच्यांना काळा नकोय. तो रंग धर.

रंग दोनच. डेकच्या 40 पत्त्यांत 17 लँड (माना, म्हणजे बाकीचे पत्ते खेळायला लागणारी ऊर्जा, देणारे पत्ते), बाकी 23.

या 23 मध्ये दोन माना लागणारे पाच-सहा प्राणी (लढणारे पत्ते) हवेतच. हे मी कळकळीने सांगतोय. माझ्या पहिल्या डेकमध्ये सहा-सहा माना लागणारे ड्रॅगन होते. पाचव्या टर्नला (पाळीला) 20 पैकी 6 लाइफ उरलं आणि हातातले ड्रॅगन हातातच राहिले. दोन पत्त्यांत मन अडलं तर स्वस्त उचल. समोरच्याचा प्राणी मारणारा स्वस्त पत्ता दिसला, तर मात्र तो आधी.