काळावर चालणारं मशीन बनू शकेल का?

प्रश्न: नमस्कार ताई, मी एक विज्ञानकथा लिहितोय. त्यात एक मशीन आहे, त्याला कोळसा नको, पेट्रोल नको, ऊन पण नको, ते नुसत्या काळावर चालतं. म्हणजे वाऱ्यावर पवनचक्की फिरते तसं, काळ सतत पुढे वाहतोय ना, मग त्या वाहण्यावर एक चाक फिरतं आणि अख्ख्या शहराला वीज मिळते. मित्राला वाचायला दिलं तर म्हणाला हे विज्ञानात बसत नाही, पण का बसत नाही ते काही त्याला सांगता येईना. मला ते 'का' हवंय. आणि एका रशियन शास्त्रज्ञाने म्हटलं होतं की तारे काळातूनच ऊर्जा घेतात, असं कुठेतरी वाचलेलं, ते खरं आहे का?

उत्तर: मित्राचं बरोबर आहे, पण तुम्ही 'का' वर अडून बसलात ते मला फार आवडलं, कारण खरी गंमत तिथेच आहे.

आधी तुमची पवनचक्की घेऊ. पाती फिरतात कारण वारा अलीकडून जोरात येतो आणि पलीकडे मंद होऊन जातो, मधल्या फरकातली ऊर्जा पात्यांना मिळते. धरणात पाणी वरून खाली येतं, इंजिनात गरम वायू गार होतो, म्हणजे कुठेही बघा, काहीतरी फरक लागतोच. आता काळ वाहतो असं आपण म्हणतो खरं, पण नदीला काठ असतो, काळाला काठ कुठेय? तुमचं चाक, त्याचा आस, तो ज्यात बसवलाय तो खांब, सगळं काळाबरोबर एकत्रच पुढे चाललंय, मग चाकाला ढकलणार कोण?

पण हे झालं वरवरचं उत्तर. खरं उत्तर एमी नोएथर या जर्मन गणितज्ञ बाईंनी १९१८ साली छापलेल्या एका प्रमेयात आहे आणि ते समजायला गणित लागत नाही, पाण्याची टाकी पुरते.

समजा गुरुत्वाकर्षण रात्री निम्मं होतं आणि सकाळी परत पूर्ववत. १० मीटर उंच गच्चीवर १००० लिटरची टाकी आहे. एरवी तेवढं पाणी वर चढवायला साधारण ९८,००० ज्यूल (ज्यूल म्हणजे ऊर्जा मोजायचं एकक) लागतात. तुम्ही हुशारी करून पंप रात्री लावता, काम ४९,००० मध्ये भागतं. सकाळी तेच पाणी टर्बाइनवरून खाली सोडलं की पूर्ण ९८,००० परत. घर्षण वगैरे सोडून द्या, पण रोज ४९,००० ज्यूल फुकट, ९ वॅटचा एलईडी बल्ब दीड तास चालेल एवढे. टाकी तलावाएवढी करा, अशा हजार टाक्या बांधा, झालं तुमचं शहर उजळून. हे होत नाही त्याचं कारण एकच, रात्रीचं गुरुत्व आणि दिवसाचं गुरुत्व सारखंच असतं. नोएथरबाईंनी दाखवलं ते हेच, की निसर्गाचे नियम काल होते तेच आज आहेत म्हणून ऊर्जेचा हिशोब जुळतो. म्हणजे काळ हे इंधन नाहीच, उलट काळाचं हे एकसारखेपण ऊर्जेच्या तिजोरीवर पहारा देतंय. (या बाईंना तेव्हा जर्मनीतल्या गॉटिंगेन विद्यापीठात पगार नव्हता आणि त्यांची लेक्चर्स हिल्बर्ट या प्रोफेसरांच्या नावाने लागायची, हे वाचलं की मला आजही राग येतो.)

आता तुमचे रशियन शास्त्रज्ञ. ते निकोलाय कोझिरेव, खगोलशास्त्रज्ञ. स्टालिनच्या काळात १९३६ ला अटक झाली, दहा वर्षं कैदेत गेली आणि बाहेर आल्यावर त्यांनी खरंच असा सिद्धांत मांडला, १९५८ साली पुस्तकरूपाने, की काळ स्वतः ऊर्जा देतो आणि तारे त्यावर जळतात. तराजूवर फिरते भोवरे ठेवून वजनात बारीकसा फरक पडतो का हे ते बघायचे, पण ते प्रयोग तपासात टिकले नाहीत. माणूस प्रामाणिक होता याबद्दल मला शंका नाही. पण ताऱ्यांच्या ऊर्जेचं कोडं त्याआधीच सुटत आलेलं, हान्स बेथे या भौतिकशास्त्रज्ञांनी १९३९ मध्येच हायड्रोजनची अणुकेंद्रं जुळून हेलियम होण्याचा मार्ग मांडला होता. आणि पुरावा म्हणाल तर या जुळणीतून न्यूट्रिनो नावाचे कण सुटतात, ते सूर्यातून आठेक मिनिटांत इथे पोचतात, इटलीतल्या एका डोंगराखालच्या बोरेक्सिनो प्रयोगाने २०१४ मध्ये जुळणीच्या अगदी पहिल्या पायरीचे न्यूट्रिनो पकडले आणि त्यावरून काढलेली सूर्याची ऊर्जा उन्हातून मोजलेल्या ऊर्जेशी जुळली. काळातून यायला तिथे काही शिल्लकच राहत नाही.

म्हणून कथा फाडू नका हं! फक्त मशीन बदला. काळ चाकाला ढकलतो असं लिहू नका, मशीन एका बंद इमारतीपुरतं निसर्गाचा एक नियम, गुरुत्वाचा, रात्री सैल करतं असं लिहा. मग पहाराच उठला आणि ऊर्जा खरोखर फुकट झाली, एवढं एक खोटं वाचक मान्य करतो, पुढचं सगळं मात्र हिशोबाने यायला हवं. आणि तो हिशोब कथेला किती देतो बघा. त्या इमारतीत लंबकाचं एक जुनं घड्याळ टांगा. गुरुत्व निम्मं झालं की लंबकाचा एक झोका साधारण १.४ पट वेळ घेतो, म्हणजे बाहेर १२ तासांची रात्र सरेल तेव्हा ते घड्याळ जेमतेम साडेआठ तास पुढे गेलेलं असेल, आणि रात्रपाळीच्या माणसाच्या मनगटावरचं क्वार्ट्झ घड्याळ मात्र बरोबर चालत राहील कारण त्याला गुरुत्वाशी देणंघेणं नाही. मशीनबद्दल त्याला कुणी काही सांगितलेलं नाही. तो रोज सकाळी शिफ्ट संपवून निघताना भिंतीकडे बघतो, मग मनगटाकडे बघतो, काटे पुढे सरकवून ठेवतो आणि दुसऱ्या दिवशी परत तेवढाच फरक. माझं ऐकाल तर कथा तिथून सुरू करा.