लुसीची मधली पंचवीस वर्षं

प्रश्न : मी सांगलीत एस. वाय. बी. कॉम.ला आहे. मला टीव्ही मालिकांमध्ये अभिनय करायचा आहे. सुट्टीत अभिनयाच्या एका शिबिराला गेले होते. शेवटच्या दिवशी तिथल्या सरांनी बाबांना सांगितलं, की मुलगी फार बुजरी आहे, आवाज पोचत नाही, यात पैसे घालवू नका. तेव्हापासून बाबा बँकेच्या परीक्षांचा धोशा लावून बसलेत. मध्यंतरी मी एक पोस्ट वाचली. अमेरिकेतल्या लुसिल बॉलला तिच्या नाट्यशाळेने असंच सांगून घरी पाठवलं होतं, आणि पुढे ती तिकडच्या टीव्हीवरची सर्वांत मोठी अभिनेत्री झाली. तिने हार मानली नाही, मग मी का मानू? कॉलेज सोडून मुंबईला जावं असं मनात आहे. जाऊ का?

उत्तर : तू वाचलेली पोस्ट खरी आहे, पण अर्धी आहे. नाट्यशाळेतून परत पाठवलेली मुलगी आणि घराघरांत पोचलेली लुसी यांच्यामध्ये सुमारे पंचवीस वर्षं गेली. पोस्ट लिहिणाऱ्याने ती एका ओळीत ओलांडली. तुला नेमकी तीच वर्षं माहीत हवीत, कारण तुझ्या प्रश्नाचं उत्तर त्यातच आहे.

लुसिल बॉल १९११ साली जेम्सटाउनला जन्मली. न्यूयॉर्क राज्याच्या पार पश्चिमेकडचं, फर्निचरच्या कारखान्यांचं हे गाव. न्यूयॉर्क शहराच्या झगमगाटाशी त्याचा काही संबंध नव्हता. वडील टेलिफोनच्या तारा ओढायचं काम करत. ती तीन वर्षांची असताना ते विषमज्वराने गेले. पुढे आजोबा तिला गाणी, नकला, कसरतींचे खेळ बघायला नेऊ लागले आणि तिथून हे वेड लागलं. पंधरा वर्षांची झाल्यावर आईने तिला न्यूयॉर्कच्या एका नाट्यशाळेत घातलं. तिथे पुढे हॉलिवूडची मोठी नटी झालेली बेटी डेव्हिससारखी मुलगी विद्यार्थिनी होती, सगळ्या शाळेची लाडकी. तिच्यापुढे लुसीच्या तोंडून शब्द फुटेना. शाळेने आईला कळवलं, की मुलगी लाजाळू आहे, तुमचे पैसे वाया जातील.

त्या शिक्षकांचं चुकलं, असं मला वाटत नाही. त्यांच्यासमोर उभी असलेली पंधरा वर्षांची मुलगी तशीच होती. तुझ्या शिबिरातल्या सरांनीही बहुधा जे दिसलं तेच सांगितलं असेल. ‘आवाज पोचत नाही’ ही तक्रार आजच्या तुझ्या आवाजाबद्दल आहे आणि ती खरी असू शकते. ‘पैसे घालवू नका’ हा मात्र पुढच्या वीस वर्षांबद्दलचा निकाल आहे, आणि तो द्यायचा अधिकार चार दिवसांच्या शिबिरात कुणालाच मिळत नाही. पहिलं वाक्य वहीत लिहून ठेव, त्याच्यावर काम कर. दुसरं सोडून दे.

आता मधली वर्षं. लुसीने न्यूयॉर्कमध्ये हॅटी कार्नेगी या कपड्यांच्या नामांकित दुकानासाठी मॉडेलिंग केलं. दिवसभर उंची कपडे घालून श्रीमंत गिऱ्हाइकांसमोर चालायचं, वळायचं, उभं राहायचं. मध्येच सांध्यांच्या दुखण्याने ती अंथरुणाला खिळली आणि बरा मोठा काळ गावी परतली. बरी झाल्यावर पुन्हा न्यूयॉर्क, पुन्हा मॉडेलिंग, सिगारेटच्या जाहिराती. १९३३ मध्ये हॉलिवूडच्या एका संगीतपटात नाचणाऱ्या मुलींच्या घोळक्यात तिला जागा मिळाली. श्रेयनामावलीत नावही नव्हतं. काही आठवड्यांच्या त्या कामासाठी गेली ती तिकडेच राहिली.

त्यानंतर आरकेओ स्टुडिओत पगारावर लहानमोठ्या भूमिका. त्याच स्टुडिओत नट-नट्यांसाठी अभिनयाचा वर्ग चालायचा. जिंजर रॉजर्स या नटीची आई लीला रॉजर्स तो चालवायची. लुसी त्या वर्गात बसायची. म्हणजे एका शाळेने परत पाठवल्यावर तिने शिकणं सोडलं नाही, शिकायची जागा बदलली, आणि तीही पगार चालू असताना. पुढे एमजीएम या दुसऱ्या स्टुडिओत मूकपटांचा बादशहा बस्टर कीटन पडत्या काळात विनोदी प्रसंग रचून द्यायच्या नोकरीवर होता. टोपी, खुर्ची, पाण्याची बादली अशा वस्तू घेऊन हसू कसं उभं करायचं, हे त्याने तिला शिकवलं. तोवर तिची ओळख काय होती सांगू? दुय्यम चित्रपटांची राणी. पस्तिशी उलटली तरी ‘स्टार’ म्हणावं असं तिच्या खात्यावर फारसं काही नव्हतं.

आणि आता तुझ्या बुजरेपणाचं. १९४८ मध्ये सीबीएस रेडिओवर ‘माय फेव्हरिट हज्बंड’ ही विनोदी मालिका सुरू झाली. लुसी त्यात बायकोचं काम करायची. स्टुडिओत प्रेक्षक बसलेले असायचे, पण ही हातातल्या कागदाला चिकटून वाचायची. निर्माता-लेखक जेस ओपनहायमर याच्या लक्षात आलं, की बाई माइकसमोर मोकळी होत नाही. त्याने तिला जॅक बेनी या विनोदवीराच्या रेडिओ कार्यक्रमाची तिकिटं दिली आणि बघून यायला सांगितलं. आवाजाच्या माध्यमात काम करतानाही बेनी समोरच्या प्रेक्षकांकडे कसा बघतो, थांबतो, चेहऱ्याने कसा बोलतो, हे तिने पाहिलं. मग तिने कागदातून मान वर काढली. त्या वेळी तिचं वय सदतीसच्या आसपास होतं. पंधराव्या वर्षी अंगात असलेला संकोच तोवर पूर्ण गेला नव्हता, म्हणून मला ही गोष्ट फार मोलाची वाटते. तो घालवण्यासाठी तिला नेमका इलाज सुचवणारा माणूस भेटला, आणि तो भेटला कारण ती काम करत होती.

सीबीएसला हीच मालिका टीव्हीवर हवी होती. लुसी म्हणाली, नवरा माझा खरा नवराच होईल. देसी अर्नाझ क्युबातून आलेला वादक आणि गायक, उच्चार स्पॅनिश वळणाचे. अमेरिकन प्रेक्षक हे जोडपं स्वीकारणार नाही, असं चॅनेलवाल्यांना वाटलं. दोघांनी वाद घालत न बसता १९५० च्या उन्हाळ्यात स्वतःचा खेळ बसवला, पेपितो नावाच्या स्पॅनिश विदूषकाकडून काही प्रसंग शिकून घेतले आणि गावोगावच्या थिएटरांत प्रयोग केले. लोक हसले. चॅनेलला मान्य करावं लागलं. १५ ऑक्टोबर १९५१ रोजी ‘आय लव्ह लुसी’ या टीव्ही मालिकेचा पहिला भाग लागला तेव्हा लुसी चाळीस वर्षांची होती आणि घरात तीन महिन्यांचं बाळ होतं.

या मालिकेचं काम कसं चालायचं ते समजून घे, कारण तुला याच धंद्यात यायचं आहे. त्या काळी बहुतेक कार्यक्रम न्यूयॉर्कहून थेट प्रसारित व्हायचे. लुसी-देसीला कॅलिफोर्निया सोडायचं नव्हतं. म्हणून त्यांनी ३५ मिलिमीटर फिल्मवर, तीन कॅमेरे एकाच वेळी चालवून, समोर सुमारे तीनशे प्रेक्षक बसवून चित्रीकरण करायचं ठरवलं. कॅमेऱ्याची बाजू कार्ल फ्रॉइंड या जर्मनीहून आलेल्या मुरलेल्या छायालेखकाने सांभाळली. आधी वाचन, मग रोज तालीम, मग प्रेक्षकांसमोर प्रयोग, आणि पुढच्या आठवड्यात नवी संहिता. पडद्यावर लुसी गोंधळ घालताना दिसते, पण त्यातलं आयत्या वेळी सुचलेलं जवळजवळ काहीच नसायचं. मॅडलिन प्यू आणि बॉब कॅरोल हे लेखक अंगविक्षेपांचा प्रत्येक तपशील संहितेत मोठ्या अक्षरांत टाइप करून द्यायचे आणि लुसी तो इतक्या वेळा घोटायची, की प्रेक्षकांना तो तिथल्या तिथे घडतोय असं वाटावं. सप्टेंबर १९५२ च्या एका भागात ती आणि मैत्रीण एथेल चॉकलेटच्या कारखान्यात सरकत्या पट्ट्यासमोर उभ्या आहेत. पट्टा वेग घेतो आणि दोघी चॉकलेटं तोंडात, टोपीत, कपड्यांत कोंबू लागतात. तो प्रसंग शोधून बघ. पहिल्यांदा हसून घे, दुसऱ्यांदा फक्त दोघींच्या नजरा बघ.

त्यातली एथेल म्हणजे व्हिव्हियन व्हॅन्स. तिच्याबद्दल पोस्टी फिरत नाहीत, पण तुझ्यासाठी मला ती लुसीइतकीच महत्त्वाची वाटते. वर्षानुवर्षं रंगभूमीवर काम केलेली ही बाई, देसीने तिला कॅलिफोर्नियातल्या एका नाटकात पाहून निवडलं. तिला सहायक अभिनेत्रीचं एमी हे अमेरिकन टीव्हीचं पारितोषिक मिळालं. मालिकांमधलं बहुतेक काम असंच असतं : मावशी, वहिनी, शेजारीण, ऑफिसातली सहकारी. तू मला ‘अभिनय करायचा आहे’ असं लिहिलं आहेस. त्यात नायिकेची अट आहे का, हे स्वतःशी एकदा खरं खरं बोल. नसेल तर तुझा रस्ता बराच रुंद आहे.

आता बी. कॉम.कडे येते. फिल्मवर चित्रीकरणाचा खर्च जास्त होता. तो भागवायला लुसी-देसीने आपलं मानधन कमी करून घेतलं आणि बदल्यात त्या फिल्मची मालकी स्वतःच्या डेसिलू कंपनीकडे ठेवली. एकदा दाखवलेला कार्यक्रम लोक पुन्हा बघतील, ही कल्पनाच तेव्हा रुजली नव्हती. पुढे त्याच भागांचे हक्क सीबीएसने भरभक्कम रक्कम मोजून विकत घेतले, आणि १९५७ साली डेसिलूने आरकेओचा स्टुडिओच घेतला. जिथे लुसी पगारावर किरकोळ कामं करायची, तोच. हे व्यवहाराचं डोकं मुख्यतः देसीचं होतं. १९६० मध्ये त्यांचा घटस्फोट झाला, १९६२ मध्ये लुसीने त्याचा हिस्सा विकत घेतला आणि एवढ्या मोठ्या स्टुडिओची प्रमुख झालेली ती पहिली स्त्री ठरली. बैठका, ताळेबंद, कर्ज यांची तिला मुळीच आवड नव्हती, तरी पाच वर्षं तिने ते केलं. तिच्या कारकिर्दीत, कंपनीतल्याच लोकांचा खर्चाला विरोध असताना, ‘स्टार ट्रेक’ आणि ‘मिशन : इम्पॉसिबल’ या मालिका १९६६ मध्ये टीव्हीच्या पडद्यावर आल्या. १९६७ मध्ये तिने डेसिलू १ कोटी ७० लाख डॉलरला विकली.

करार वाचता येणं, टीडीएस कापून हातात किती येणार हे कळणं, मालिकेचे पैसे बऱ्याचदा तीन-तीन महिन्यांनी येतात तोवर खोलीभाडं कसं भरायचं याचा हिशेब मांडता येणं, हे अभिनेत्रीच्या कामाचाच भाग आहे. तुला ते कॉलेजात शिकायला मिळतंय. शिवाय दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय असो किंवा पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटचा अभिनयाचा अभ्यासक्रम, दोन्हीकडे पदवी लागते. म्हणून माझं उत्तर सरळ आहे : कॉलेज सोडू नकोस, मुंबईला आत्ता जाऊ नकोस, अभिनय मात्र याच आठवड्यात सुरू कर.

तू सांगलीत आहेस, जिथे विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली ‘सीतास्वयंवर’ उभं केलं. राज्य नाट्य स्पर्धेचे प्रयोग तुझ्या गावात होतात. त्यात उतरणाऱ्या एखाद्या हौशी संस्थेत जा आणि पहिल्याच दिवशी भूमिका मागू नकोस. प्रॉम्प्टिंग, म्हणजे विसरलेले संवाद आडून सांगायचं काम माग, प्रॉपर्टी, म्हणजे नाटकातलं सामान सांभाळ, तालमीला रोज हजर राहा. पाच-सहा आठवडे इतरांचं चुकणं आणि सुधारणं जवळून पाहिलंस, की शिबिरापेक्षा जास्त शिकशील. कॉलेजचा संघ एकांकिका स्पर्धेत उतरत असेल तर त्यात जाच. सांगलीला आकाशवाणीचं केंद्रही आहे. तिथे नाट्यविभागाच्या आवाज चाचणीची चौकशी कर. आवाज पोचत नाही ही तुझी अडचण, आणि माइकसमोर रोज मोठ्याने वाचन हा त्यावरचा उत्तम व्यायाम. घरी रोज अर्धा तास मराठी नाटकाचं पान खड्या आवाजात वाच. बाबांना दुसऱ्या खोलीत बसव आणि कुठला शब्द ऐकू आला नाही ते विचार. त्यांनाही यात धरून घे, बाहेर ठेवू नकोस.

मुंबईचा विचार पदवीनंतर, हातात आठ-दहा महिन्यांचा खर्च आणि एखादी अर्धवेळ नोकरी असेल तेव्हा. तिथे गेल्यावर ऑडिशनसाठी, नावनोंदणीसाठी किंवा ‘काम नक्की देतो’ म्हणून कुणी पैसे मागितले, तर तिथून उठून बाहेर ये. खरं काम देणारा पैसे देतो, घेत नाही.

बाबांनाही दोन शब्द. काका, बँकेच्या परीक्षेचा अभ्यास तिने करावा, यात मला काहीच गैर वाटत नाही. फक्त तालमीचे दोन तास त्या वेळापत्रकातून कापू नका. यशाची हमी मी देऊ शकत नाही. लुसिल बॉललाही ती कधी मिळाली नाही. पंचाहत्तरीत, १९८६ साली, तिने नवी मालिका आणली आणि ती दोन महिन्यांच्या आत बंद पडली. या व्यवसायात शेवटपर्यंत असंच असतं, आणि ते माहीत असूनही जिला तालमीला जावंसं वाटतं तिला जाऊ द्यावं, असं माझं मत आहे.

मुली, संस्थेत रुजू झालीस की पहिल्या नाटकात कोणतं काम मिळालं ते मला लिही. प्रॉम्प्टिंग असलं तरी लिही.